घराचा हप्ता आणि सालगड्याची बाकी

माझा बाप सालगडी होता. पाडव्याला साल ठरायचे. पण साल ठरण्याच्या आधीच लग्नासाठी, आजारपणासाठी, कधी नुसत्या ज्वारीसाठी उचल घेतलेली असायची. वर्षभर राबून पुढच्या पाडव्याला हिशेब व्हायचा आणि बापाकडेच बाकी निघायची. वही मालकाच्या हातात. बापाला अक्षर नव्हते. मायलाही नव्हते, पण ती दरवर्षी बापाला तेच तीन प्रश्न विचारायची : ‘‘घेतलं किती, फेडलं किती, ऱ्हायलं किती?’’ बापाला पहिल्या प्रश्नाचे उत्तर कसेबसे देता यायचे. दुसऱ्या-तिसऱ्याला तो गप्प बसायचा.

मी इतिहासात एम. ए. झालो, नेट झालो, महाविद्यालयात लागलो. आमच्या घराण्यातला पहिला पदवीधर. २०२१ साली मी घरासाठी पंचवीस लाखांचे कर्ज काढले. वीस वर्षांची मुदत, शेकडा सात व्याज, महिन्याला १९,३८२ रुपयांचा हप्ता. माय गावाहून राहायला आली. दोन वर्षांनी एका संध्याकाळी तिने तेच तीन प्रश्न मला विचारले आणि मीही बापासारखाच पहिल्या उत्तरापाशी अडलो. हा लेख त्या शरमेतून लिहितो आहे.

कर्ज का काढले, हे आधी सांगितले पाहिजे. नोकरीच्या गावी मी तीन भाड्याची घरे बदलली. दोन ठिकाणी घर पसंत पडले, भाडे ठरले, आणि मग आडनाव विचारले गेले. पुढे काय होते हे ह्या नियतकालिकाच्या वाचकांना सांगण्याची गरज नाही. त्यामुळे ‘भाड्याने राहणेच शहाणपणाचे’ असे जे अर्थतज्ज्ञ सांगतात, त्यांना भाड्याने घर मिळते एवढेच मी म्हणेन. घर हवेच होते. प्रश्न एवढाच, की ते कितीला पडते.

घराच्या हप्त्याच्या पोटात दोन वाटे असतात : एक व्याजाचा, एक मुद्दलाचा. हप्ता दरमहा सारखा दिसतो, वाटे मात्र सारखे नसतात. महिन्याच्या सुरुवातीला जेवढे मुद्दल शिल्लक असेल, त्यावर त्या महिन्याचे व्याज आधी कापून घेतात. उरेल तेवढेच मुद्दलात जमा होते. मुद्दल मोठे तोवर व्याज मोठे, म्हणून सुरुवातीची वर्षे आपण जवळजवळ व्याजच भरत असतो. ह्यात फसवणूक नाही, शुद्ध गणित आहे. पण गणित न सांगणे हीही एक रीत असते.

उदाहरण घेऊ. पंचवीस लाख रुपये, शेकडा ९ दर, वीस वर्षे. हप्ता येतो २२,४९३ रुपये. पहिल्या महिन्याचे व्याज १८,७५० रुपये. म्हणजे मुद्दलात गेले ३,७४३. दहा वर्षे एकही हप्ता न चुकवता भरले, तर आपल्या खिशातून सुमारे २७ लाख गेलेले असतात, म्हणजे घेतले त्यापेक्षा जास्त. तरीही शिल्लक असते १७ लाख ७५ हजार. निम्मी मुदत संपली, पण मुद्दल तीन हिश्श्यांतला एक हिस्सासुद्धा फिटलेले नाही. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजाच्या वाट्याहून मोठा होतो तो तेराव्या वर्षी. आणि निम्मे मुद्दल फिटायला जवळजवळ चौदा वर्षे लागतात. वीस वर्षांत एकूण भरणा सुमारे ५३ लाख ९८ हजार. त्यातले २८ लाख ९८ हजार नुसते व्याज.

इथे मला ‘दामदुपट’ आठवते. जुन्या हिंदू कायद्यातला हा नियम मुंबई इलाख्यातल्या न्यायालयांनीही मानला होता : एका वेळी वसूल करायचे व्याज मुद्दलाहून अधिक असता कामा नये. नीट पाहा, ‘एका वेळी’. म्हणजे थकलेल्या व्याजाला ती मर्यादा होती. वर्षानुवर्षे वेळच्या वेळी दिलेल्या व्याजाच्या बेरजेला नव्हती. जो प्रामाणिकपणे दरमहा भरतो, त्याला दामदुपटीचे संरक्षण तेव्हाही नव्हते. १८७५ साली पुणे जिल्ह्यात सुप्याला शेतकऱ्यांनी सावकारांचे रोखे हिसकावून जाळले, ते काही व्याजाचे गणित कळले म्हणून नव्हे. आपण वाचू शकत नाही अशा कागदाने आपली जमीन जाते, एवढे त्यांना कळले होते म्हणून. आठच वर्षांनी, १८८३ मध्ये, जोतीरावांनी ‘शेतकऱ्याचा असूड’ लिहिला.

आता मुदतीचा मुद्दा. कर्ज देणारा नेहमी विचारतो, ‘हप्ता किती झेपेल?’ हा प्रश्नच मुळी चुकीच्या टोकाने विचारलेला आहे. वरचेच कर्ज पंधरा वर्षांत फेडायचे ठरवले, तर हप्ता २५,३५७ होतो. म्हणजे महिन्याला २,८६४ रुपये जास्त. पण एकूण व्याज २० लाख ६४ हजारांवर येते, आठ लाखांहून अधिक वाचतात. उलट तीस वर्षे केली, तर हप्ता फक्त २,३७७ रुपयांनी उतरतो आणि व्याज चढते ४७ लाख ४१ हजारांवर. महिन्याच्या अडीच हजारांच्या सवलतीसाठी माणूस साडेअठरा लाख मोजतो, आणि ‘हप्ता बसला’ म्हणून पेढे वाटतो. मीही वाटले होते.

आता माझ्या स्वतःच्या कर्जाकडे येतो. माझा दर ‘तरता’ होता, म्हणजे बाजाराबरोबर वरखाली होणारा. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ ह्या नऊ महिन्यांत रिझर्व्ह बँकेने रेपो दर शेकडा ४ वरून ६.५० वर नेला. माझा दर सातावरून साडेनऊवर गेला. हप्ता मात्र तोच राहिला, त्यामुळे मला काही कळलेच नाही. मायने प्रश्न विचारल्यावर, मे २०२३ मध्ये, मी कर्ज देणाऱ्या संस्थेच्या कार्यालयात जाऊन उतारा मागितला. शिल्लक होती २४,२४,००० रुपये. बावीस हप्ते, म्हणजे सव्वाचार लाखांहून अधिक रक्कम भरून मुद्दल फिटले होते ७६ हजार. त्या महिन्याचे व्याज १९,१९० रुपये, हप्ता १९,३८२. मुद्दलात जमा, १९२ रुपये. आणि ‘उरलेले हप्ते’ ह्या रकान्यात छापले होते : ५८५. मी तिथेच भागाकार केला. अठ्ठेचाळीस वर्षे नऊ महिने. तेव्हा मी तेहतीस वर्षांचा होतो. फेड संपेल तेव्हा ब्याऐंशीचा होईन. टेबलावरचा मुलगा समजुतीच्या सुरात म्हणाला, ‘‘सर, हप्ता तोच आहे ना? मग काळजी कशाची?’’

त्याचा दोष नव्हता, त्याला तेवढेच शिकवले होते. पण सालगड्याच्या वहीपेक्षा ह्यात निराळे काय, हे मला अजून सांगता येत नाही. फरक एवढाच की इथे वही छापील होती आणि मला वाचता येत होती. मी वाचली नव्हती. मूळ मुदतीत, म्हणजे उरलेल्या २१८ महिन्यांत फेडायचे तर हप्ता २३,३८१ करावा लागत होता. चार हजारांची वाढ. मी ती अर्ज करून मागून घेतली. हप्ता वाढवून मागणारा माणूस त्या मुलाने बहुधा पहिल्यांदाच पाहिला असावा.

माझ्यासारखे पुष्कळ निघाले असणार, कारण त्याच वर्षी १८ ऑगस्टला रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढले : दर बदलल्यावर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हा पर्याय कर्जदाराला दिला पाहिजे, स्थिर दराकडे जाण्याचीही मुभा असली पाहिजे, आणि हप्ता व्याजालाही पुरत नाही अशी अवस्था येऊ देता कामा नये. पुढे दर उतरू लागले, जून २०२५ पर्यंत रेपो ५.५० वर आला. तेव्हाही चौकशी केली पाहिजे, कारण दर चढतो तेव्हा त्याची झळ जितक्या तातडीने पोचते, तितक्या तातडीने उतार पोचेल असे गृहीत धरू नये. बँकांची ऑक्टोबर २०१९ नंतरची तरत्या दराची घरकर्जे बाहेरच्या दराशी बांधलेली आहेत आणि निदान तीन महिन्यांनी एकदा त्यांचा दर नव्याने लावावा लागतो. गृहवित्त कंपन्यांना हे बंधन नाही. आणि आपल्यातले पुष्कळ लोक तिथेच जातात.

ते तिथे का जातात, हा ह्या लेखाचा खरा प्रश्न आहे. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात व्याजाचे दर वर्णानुसार दिलेले आहेत : ब्राह्मणाकडून दरमहा शेकडा दोन, क्षत्रियाकडून तीन, वैश्याकडून चार, शूद्राकडून पाच. अतिशूद्र तर त्या यादीतही नाही. २५ डिसेंबर १९२७ ला महाडला हा ग्रंथ जाळला गेला आणि आजच्या कायद्यात दराला जात नाही, हे खरे. पण दराला पगारपत्रक असते, पतगुणांक असतो, जागेचा स्वच्छ उतारा असतो. आमच्या वस्त्यांतली कितीतरी घरे गायरानावर किंवा आजोबाच्या तोंडी वाटणीवर उभी. उताऱ्यावर नाव नाही. बँडवाल्याला, गवंड्याला, सफाईच्या कंत्राटी कामगाराला पगारपत्रक नाही. बँक त्याला परत पाठवते, आणि तो शेकडा तेरा-चौदाने देणाऱ्या कंपनीकडे जातो. पंचवीस लाखच घ्या, वीस वर्षेच घ्या, फक्त दर १३ करा : हप्ता २९,२८९, एकूण भरणा ७० लाख २९ हजार. नऊ टक्केवाल्यापेक्षा सोळा लाखांहून अधिक. त्याच विटा, तेच सिमेंट.

आणि दर सारखा असला तरी किंमत सारखी पडतेच असे नाही. माझ्या विभागातल्या एका सहकाऱ्याने माझ्याच इमारतीत माझ्याएवढाच, तीस लाखांचा फ्लॅट घेतला. त्याच्या वडिलांनी गावातला वाडा विकून पंधरा लाख दिले, कर्ज पंधराचे. मी पाच लाख पतपेढीतून उचलले, म्हणजे तेही कर्जच. वरचाच नऊचा दर आणि वीस वर्षे धरली, तर त्याचे व्याज १७ लाख ३९ हजार, माझे २८ लाख ९८ हजार, शिवाय पतपेढीचे वेगळे. आम्ही दोघे एकाच वेतनश्रेणीत आहोत. मधली साडेअकरा लाखांची तफावत वडिलोपार्जित आहे. आरक्षणाने आम्हाला पगार दिला, वाडा दिला नाही. आणि पहिल्या पिढीचा पगार मागचे सगळे फेडता फेडता पुढच्यासाठी गहाण पडतो. ‘आता तुमच्यातही फ्लॅटवाले झाले’ असे म्हणणाऱ्यांना हा हिशेब दाखवावा.

बाकीचे खर्च भराभर सांगतो. महाराष्ट्रातल्या शहरांत मुद्रांक शुल्क साधारण शेकडा पाच ते सात. घर स्त्रीच्या नावे घेतले तर एक टक्का सूट आहे, ती सोडू नये. बांधकाम चालू असलेल्या घरावर वस्तू व सेवा कर लागतो, पूर्णत्वाचा दाखला मिळालेल्यावर नाही. विम्याचे मात्र जरा थांबून पाहा. कर्जाबरोबर एकरकमी विमा गळ्यात घालतात आणि हप्ता कर्जातच मिळवतात. साठ हजारांचा विमा नऊ टक्क्यांनी वीस वर्षे फेडला, की १ लाख २९ हजारांना पडतो. विमा असणे चांगले; पण तो त्यांच्याकडूनच घ्या असा कायदा नाही. प्राप्तिकराच्या सवलतीवर भुलू नये : व्याजावरची दोन लाखांपर्यंतची वजावट जुन्या करपद्धतीत आहे, नव्या पद्धतीत राहत्या घराला ती नाही. आणि वजावट मिळाली तरी, शेकडा वीसच्या टप्प्यात असलेल्याला रुपया व्याज भरून वीस पैसे परत मिळतात. ऐंशी गेलेच.

दुसरी बाजूही सांगितली पाहिजे, नाहीतर हिशेब खोटा होईल. रुपया स्वस्त होत जातो. महागाई वर्षाला पाच टक्के धरली, तर वीस वर्षांनंतरचा २२,४९३ रुपयांचा हप्ता आजच्या साडेआठ हजारांएवढाच जड असेल; पगारही तोवर वाढलेला असेल. शिवाय भाडे वाचते. म्हणून कर्ज काढूच नये असे मी म्हणत नाही. मी स्वतः पुन्हा काढीन. पण हे ज्याची नोकरी टिकते आणि पगार वाढतो त्याचे गणित आहे. माझ्या महाविद्यालयात घड्याळी तासांवर शिकवणाऱ्या तरुणाला ते लागू नाही. हप्ता नव्वद दिवस थकला की खाते बुडीत धरले जाते, आणि २००२ च्या कायद्याप्रमाणे साठ दिवसांच्या नोटिशीनंतर न्यायालयात न जाताही घराचा ताबा घेण्याची वाट मोकळी होते.

आपल्या हातात काय आहे? सगळ्यांत मोठी गोष्ट म्हणजे सुरुवातीच्या वर्षांत जादा भरणे. वरच्या नऊ टक्क्यांच्या कर्जात पहिल्या वर्षाअखेर एक लाख रुपये मुद्दलात जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे बावीस हप्ते गळून पडतात. जादा भरलेले एक लाख वजा जाता सुमारे चार लाख वाचतात. तेच एक लाख पंधराव्या वर्षी भरले तर एवढा लाभ नाही. तरत्या दराच्या घरकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड बँकांना २०१२ पासून घेता येत नाही. वेतन आयोगाचा फरक मिळाला की आपल्याकडे गाडी येते. ती चार वर्षे उशिरा आली तरी चालेल. पैसे भरताना ‘मुदत कमी करा, हप्ता नको’ असे लेखी द्यावे.

१ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या किरकोळ कर्जाबरोबर ठळक बाबींचे पत्रक देणे बंधनकारक आहे. त्यात सगळे आकार धरून वर्षाचा खरा दर आणि फेडीचा तक्ता असतो. सही करण्याआधी ते घरी आणावे, मोठ्याने वाचावे, घरातल्या अक्षर नसलेल्या माणसांसमोर वाचावे. फेड पूर्ण झाल्यावर मूळ कागदपत्रे तीस दिवसांत परत मिळाली पाहिजेत, उशीर झाल्यास दिवसाला पाच हजार रुपये भरपाई आहे. ही तारीखही लिहून ठेवावी.

आमच्याकडे आता एक वही आहे. दर महिन्याच्या पाच तारखेला हप्ता गेला की मी त्यात तीन रकाने भरतो आणि मायला वाचून दाखवतो. दर उतरल्यावर मुद्दलाचा आकडा पहिल्यांदा जरा फुगला, तेव्हा तिने तो दोनदा वाचायला लावला. मग विचारले, ‘‘तुझ्या बापाच्या वहीत असलं काय लिवलेलं आसंल रं?’’