मूकपटांच्या नायिका (भाग ९) : सीतादेवी आणि वडशाचं पत्र

आज देविका राणीच्या बर्लिनमधल्या उमेदवारीवर लिहायचं कबूल केलं होतं. ते पुढच्या आठवड्यात. मध्येच वडशाहून पत्र आलं. झाडीपट्टीच्या नाटकांत काम करणाऱ्या एका ताई विचारतात, "सीतादेवीला जर्मन येत होतं का? आणि आवाजच ऐकू येत नसेल, तर ती कलाकार कसली?"

प्रश्न रास्त आहे. धान कापणी आटोपली, मंडई-शंकरपट सुरू झाले की आपल्याकडे नाटक रात्रभर चालतं. पहाटेपर्यंत गाणं आणि संवाद शेवटच्या माणसापर्यंत पोचवायचे, तर नटीची सारी मदार गळ्यावर.

सीतादेवीला जर्मनची गरजच पडली नाही. संवाद पाट्यांवर छापलेले असत. जर्मनीत जर्मन पाट्या, इंग्लंडात इंग्रजी. चेहरा मात्र तोच. मूळची रेने स्मिथ नावाची ही अँग्लो-इंडियन मुलगी हिमांशू राय आणि म्युनिकचे दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन यांच्या तिन्ही मूकपटांत झळकली : 'प्रेम संन्यास'मध्ये (१९२५) गोपा, 'शिराज'मध्ये (१९२८) दालिया आणि 'प्रपंच पाश'मध्ये (१९२९) सुनीता. पहिल्यामागे म्युनिकची एमेल्का कंपनी होती, पुढच्या दोन्हींत बर्लिनच्या उफाचा हात होता.

'प्रेम संन्यास'च्या सुरुवातीलाच पाटी येते : स्टुडिओतले देखावे नाहीत, कृत्रिम दिवे नाहीत, रंगरंगोटी नाही. म्हणजे उघड्या उन्हात, रंग न लावता कॅमेऱ्यासमोर उभं राहायचं. चेहऱ्यावरचं काहीही लपत नाही.

'प्रपंच पाश' तर आपल्या रानातल्या माणसानं पाहावाच. तो सुरू होतो जंगलातल्या शिकारीनं. बाण लागलेल्या राजा रणजितला कण्वाच्या आश्रमात आणतात, तिथं सुनीता त्याची शुश्रूषा करते. पुढे सुनीताच्या बापाचा, कण्वाचा, खून होतो आणि संशय रणजितवर येतो. प्रेम, शोक, संशय हे सगळं सीतादेवीला डोळ्यांनी आणि मानेच्या वळणानं सांगावं लागतं. ताई, गळा बाजूला ठेवून हे पेलणं म्हणजे अर्धी नव्हे, पुरी कला आहे.

१९३१ मध्ये 'आलम आरा' आला आणि नायिकांकडून चोख हिंदुस्थानीची अपेक्षा सुरू झाली. पुण्यात जन्मलेली सुलोचना, म्हणजे रूबी मायर्स, हिंदुस्थानी शिकली आणि आपल्याच 'माधुरी' मूकपटाच्या बोलपटातून १९३२ मध्ये परतली. सीतादेवीची कारकीर्द मात्र मूकपटांबरोबरच संपली. ज्या मूकपणानं तिला म्युनिक-बर्लिनच्या प्रेक्षकांपर्यंत नेलं, तो सरताच तिची वाट बंद झाली. तिचं मोल ठरवताना मोजायचं ते तिनं पडद्यावर केलेलं काम. बोलपटात ती दिसली नाही, हे नव्हे.

देविका राणीनं 'प्रपंच पाश'च्या वेशभूषा-सजावटीत हातभार लावला होता. पुढचा भाग तिथूनच सुरू करू.