रवांडाचा रेडिओ: ऐकीव आणि खरं

युद्धकाळातल्या माध्यमांचा विषय निघाला की रवांडाचं नाव हमखास निघतं. १९९४ च्या एप्रिल ते जुलै या सुमारे शंभर दिवसांत तिथे बहुतेक अंदाजांनुसार आठ लाखांच्या आसपास माणसं मारली गेली. त्यांत बहुतेक जण अल्पसंख्य तुत्सी समाजातले होते, आणि या कत्तलीच्या आड येणारे किंवा राजवटीला विरोध करणारे बहुसंख्य समाजातले हुतूही होते. हे सगळं एका रेडिओने घडवलं, असं मग कुणीतरी सांगतं. वाक्य सुटसुटीत आहे, म्हणून तोंडोतोंडी झालं. पण त्या रेडिओचा दोष आपण समजतो तिथे नाही.

त्या रेडिओचं नाव आरटीएलएम. ते घेतलं की कर्कश घोषणा आणि लष्करी बँड डोळ्यांसमोर येतो. प्रत्यक्षात जुलै १९९३ मध्ये सुरू झालेलं हे केंद्र देशातलं सगळ्यात मजेदार केंद्र होतं. सरकारी ‘रेडिओ रवांडा’ म्हणजे मंत्र्यांचे दौरे आणि ठोकळेबाज बातम्या. इथे काँगोतलं नाचरं संगीत वाजे, निवेदक बारमध्ये बसल्यासारखे गप्पा मारत, टिंगल करत, रस्त्यावरच्या माणसापुढे माइक धरत. कान्तानो हाबिमाना हा त्यांतला सगळ्यात लाडका. तुत्सी श्रोतेही हे केंद्र ऐकायचे. पुढे त्याच गप्पिष्ट सुरात नावं, पत्ते, गाड्यांचे नंबर आणि लपण्याच्या जागा सांगितल्या जाऊ लागल्या. ओरडणाऱ्याला माणूस ओळखतो आणि सावध होतो. सवयीच्या, हसऱ्या आवाजापुढे तसा सावध होत नाही.

‘सगळ्या थापाच होत्या’ हेही अर्धवट. रवांडन पॅट्रिऑटिक फ्रंट, म्हणजे आरपीएफ, या मुख्यतः तुत्सी निर्वासितांच्या सैन्याने १ ऑक्टोबर १९९० रोजी युगांडातून हल्ला केला होता. लढाई खरी होती, घरदार सोडून पळालेली माणसं खरी होती. शेजारच्या बुरुंडीत ऑक्टोबर १९९३ मध्ये निवडून आलेले हुतू राष्ट्राध्यक्ष मेल्किओर न्दादाये यांना तुत्सी लष्करी अधिकाऱ्यांनी मारलं, हीही खरी बातमी. विष होतं ते बातमीपुढच्या एका उडीत: सीमेवरचा बंदूकधारी आणि पलीकडच्या घरातली म्हातारी दोघं एकच. ती उडी कुठल्याही तथ्यतपासणीत पकडली जात नाही, कारण तिच्यात तपासण्याजोगा आकडाच नसतो. शुद्ध बनावटीचा नमुना पाहायचा तर तो आधीचा आहे, आणि सरकारी आहे. मार्च १९९२ मध्ये रेडिओ रवांडाने एक बोगस पत्रक पुन्हा पुन्हा वाचून दाखवलं, की तुत्सी म्हणे हुतू नेत्यांच्या हत्येचा कट करताहेत. पाठोपाठ बुगेसेरा भागात शेकडो तुत्सी मारले गेले. तेव्हा सरकारी माध्यम खात्याचे प्रमुख होते फर्दिनां नाहिमाना, पेशाने इतिहासकार. आरटीएलएमच्या संस्थापकांत तेच, आणि तिथे सर्वांत मोठे भागधारक खुद्द राष्ट्राध्यक्ष हाब्यारिमाना. त्यामुळे ‘खासगी माध्यमांना मोकळं रान दिलं की असं होतं’ हा धडा इथून काढणाऱ्यांनी भागधारकांची यादी एकदा बघावी.

आता मूळ मुद्दा. रेडिओ ऐकून लोकांनी कोयते उचलले का? अमेरिकी अभ्यासक स्कॉट स्ट्रॉस यांनी तुरुंगातल्या सुमारे दोनशे गुन्हेगारांशी बोलून हेच विचारलं. बहुतेकांचं उत्तर होतं: माणसं दारात आली. गावचा अधिकारी, शेजारी, टोळकं. चल म्हणाले, नाही तर तुझं काही खरं नाही. आरटीएलएमचा आवाज पोचत नव्हता अशा भागांतही कत्तली झाल्या. त्या केंद्राचे ट्रान्समीटर दोनच, राजधानी किगालीतला शंभर वॅटचा आणि मुहे डोंगरावरचा हजार वॅटचा; देश सगळा डोंगराळ. अर्थशास्त्रज्ञ डेव्हिड यानागिझावा-ड्रॉट यांनी याच डोंगरांचा उपयोग केला. डोंगरांमुळे लहरी न पोचणारी गावं आणि पोचणारी गावं यांची तुलना करून २०१४ मध्ये त्यांनी मांडलं, की हिंसेतला सुमारे दहा टक्के सहभाग या रेडिओच्या खात्यावर जातो. त्यांच्या आकडेवारीवर पुढे आक्षेप घेतले गेले. पण ते आक्षेप बाजूला ठेवले तरी उरलेले नव्वद टक्के सैन्य, पक्षाच्या टोळ्या, गावकारभारी आणि भीती यांच्याकडेच जातात. माझ्या मते रेडिओने द्वेष नव्याने पेरला नाही. कुंपणावर बसलेल्याला त्याने सांगितलं की सरकार याच बाजूला आहे, सगळे हेच करताहेत, तुला कुणी पकडणार नाही. हेही काम भयंकरच, पण वेगळं.

तिथली सगळी पत्रकारिता सडलेली होती हे तर साफ चूक. द्वेषाचं मुखपत्र ‘कांगुरा’ने आपलं नाव मुद्दाम ‘कांगुका’ या सरकारवर टीका करणाऱ्या वृत्तपत्राच्या नावासारखं ठेवलं होतं. त्या कांगुकाचे संपादक व्हिन्सेंट र्वाबुक्विसी एप्रिल १९९४ मध्येच मारले गेले. कॅथलिक नियतकालिक ‘किन्यामातेका’चे संपादक फादर आंद्रे सिबोमाना कसेबसे वाचले.

आणि बाहेरचे पत्रकार? बरेचसे पहिल्या काही दिवसांत इतर परदेशी नागरिकांबरोबर निघून गेले. जगाचं लक्ष दक्षिण आफ्रिकेच्या निवडणुकीकडे होतं. ‘जमातींचं जुनं वैर’ हे तयार लेबल हाताशी असल्यामुळे आखणी करून चाललेली हत्या बराच काळ अंदाधुंदी म्हणून छापली गेली. निक ह्यूज या ब्रिटिश कॅमेरामनने किगालीतल्या फ्रेंच शाळेच्या छतावरून, लांबच्या लेन्सने, एक चित्रफीत घेतली: मातीचा रस्ता, पडलेली प्रेतं, त्यांच्यामध्ये गुडघ्यांवर बसून हात पसरून विनवणारी बाई, आजूबाजूला सहज ये-जा करणारे लोक, आणि मग सोट्याचे वार. प्रत्यक्ष हत्येचं असं चित्रण जवळजवळ नाहीच. जुलैत सीमेपलीकडच्या गोमातल्या निर्वासित छावण्यांत कॉलरा पसरला तेव्हा मात्र कॅमेऱ्यांची रीघ लागली, आणि त्या छावण्यांत मारेकरीही होते.

रेडिओ बंद पाडणं अशक्य होतं, असंही नाही. संयुक्त राष्ट्रांच्या तुकडीचे प्रमुख रोमिओ डालेअर यांनी लहरी अडवण्याची मागणी केली होती. अमेरिकी संरक्षण खात्याच्या मे १९९४ च्या टिपणात त्यासाठीच्या विमानाचा खर्च उड्डाणाच्या तासाला साडेआठ हजार डॉलर मांडला आहे. महाग आणि निरुपयोगी म्हणून विषय संपला.

न्यायालयाच्या निकालाबद्दलही गैरसमज आहे, की द्वेषपूर्ण बोलणं हाच वंशसंहाराचा गुन्हा ठरला. २००३ मध्ये आंतरराष्ट्रीय न्यायाधिकरणाने नाहिमाना, आरटीएलएमचेच बारायाग्विझा आणि कांगुराचे न्गेझे यांना दोषी ठरवलं खरं, पण २००७ च्या अपिलात बरेच आरोप गळले. ६ एप्रिल १९९४ पूर्वीचं, म्हणजे कत्तल सुरू होण्याआधीचं आरटीएलएमचं प्रसारण वंशसंहाराची थेट चिथावणी होतं हे सिद्ध झालं नाही, असं अपील पीठ म्हणालं. शिक्षा घटून अनुक्रमे तीस, बत्तीस आणि पस्तीस वर्षं झाल्या. केंद्रामागचा धनिक फेलिसियां काबुगा २०२० मध्ये पॅरिसजवळ सापडला. २०२३ मध्ये खटल्याला सामोरं जाण्यास तो मानसिकदृष्ट्या असमर्थ ठरला आणि खटला थांबला.

मग चांगल्या रेडिओने मनं जुळतात का? २००४ मध्ये रवांडात ‘मुसेकेवेया’ ही दोन गावांच्या भांडणाची आणि प्रेमाची नभोनाट्यमालिका सुरू झाली. मानसशास्त्रज्ञ बेट्सी लेव्ही पलक यांनी काही गटांना वर्षभर ती ऐकवली, काहींना आरोग्यावरची दुसरी मालिका. मुसेकेवेया ऐकणाऱ्यांची वैयक्तिक मतं फारशी बदलली नाहीत. चारचौघांत काय चालतं, याचा अंदाज बदलला. शेवटी प्रत्येक गटाला एक टेपरेकॉर्डर आणि कॅसेटचा संच भेट मिळाला. आरोग्यवाल्या गटांत बहुधा कुणीतरी म्हणायचं, गावच्या अधिकाऱ्याकडे राहू दे, आणि बाकीचे मान डोलवायचे. मुसेकेवेयाच्या गटांत तेवढ्याने भागायचं नाही. कुणीतरी हरकत घ्यायचं, बॅटऱ्यांवरून वाद व्हायचा, आणि तो टेप सगळ्यांनी मिळून सांभाळायचं ठरायचं.