आरोपीचे घटनात्मक अधिकार

आरोपीचे घटनात्मक अधिकार म्हणजे गुन्ह्याचा आरोप असलेल्या किंवा अटक झालेल्या व्यक्तीस भारतीय संविधानाने शासनसंस्थेविरुद्ध दिलेली संरक्षणे होत. ती मुख्यतः अनुच्छेद २०, २१ व २२ यांत असून अनुच्छेद ३९-अ मधील मोफत विधी साहाय्याचे तत्त्व त्यांना पूरक आहे. ही संरक्षणे केवळ निरपराध व्यक्तीसाठी आहेत असा समज आढळतो, तो चुकीचा आहे. आरोप खरा की खोटा हे खटल्याअंती ठरते आणि अटक त्याच्या पुष्कळ आधी होते; म्हणून दोषी ठरणाऱ्या व्यक्तीसही ती तितकीच लागू असतात.

रायगड जिल्ह्यातील महाड या तालुक्याच्या गावाचा या विषयाशी दुहेरी संबंध आहे. १९२७ च्या चवदार तळे सत्याग्रहानंतर येथे उद्भवलेले फौजदारी व दिवाणी खटले संविधानपूर्व काळातील आहेत. ऑगस्ट २०२१ मध्ये एका केंद्रीय मंत्र्यांच्या अटकेनंतर येथील न्यायालयात रात्री झालेली सुनावणी अनुच्छेद २२ च्या प्रत्यक्ष वापराचे अलीकडचे उदाहरण आहे.

संविधानपूर्व स्थिती

अटक केलेल्या व्यक्तीस चोवीस तासांपेक्षा अधिक काळ पोलिसांच्या ताब्यात ठेवू नये, हा नियम संविधानाने नव्याने निर्माण केलेला नाही. तो १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ६१ मध्ये होता. वकिलामार्फत बचाव करण्याचा हक्क त्याच संहितेच्या कलम ३४० मध्ये होता, तर पोलिसांपुढे दिलेला कबुलीजबाब पुरावा म्हणून ग्राह्य नसल्याचे १८७२ च्या पुरावा कायद्याच्या कलम २५ मध्ये नमूद होते. मात्र हे सर्व हक्क साध्या कायद्याचे होते. कायदेमंडळ किंवा गव्हर्नर-जनरलचा अध्यादेश ते काढून घेऊ शकत असे. शिवाय १८२७ च्या मुंबई रेग्युलेशन २५ सारखी साधने सरकारच्या हाती होती. त्यांखाली खटला न चालवताही माणसास कैदेत ठेवता येई.

महाडमधील १९२७ चे खटले

सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले करण्याचा सी. के. बोले यांचा ठराव मुंबई विधिमंडळाने ४ ऑगस्ट १९२३ रोजी संमत केला. महाड नगरपालिकेने जानेवारी १९२४ मध्ये त्यास अनुसरून चवदार तळे खुले केले, तरी प्रत्यक्षात पाणी भरणे अशक्यच राहिले. २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या नेतृत्वाखाली परिषदेतील लोकांनी तळ्याचे पाणी प्राशन केले. त्यानंतर वीरेश्वराच्या मंदिरात शिरण्याचा बेत असल्याची अफवा पसरली आणि परतणाऱ्या प्रतिनिधींवर जमावाने हल्ला केला.

हल्ल्याच्या प्रकरणात अटक झालेल्यांपैकी पाच जणांना जून १९२७ मध्ये जिल्हा दंडाधिकाऱ्यांनी प्रत्येकी चार महिन्यांच्या सक्तमजुरीची शिक्षा दिली. येथे एक गोष्ट सहसा दुर्लक्षित राहते. त्या काळी जिल्ह्याचा प्रशासकीय प्रमुख आणि फौजदारी न्याय देणारा अधिकारी ही एकच व्यक्ती असे. म्हणजे ज्याच्यावर शांतता राखण्याची जबाबदारी, तोच ती मोडल्याचा निवाडाही करी. त्या वेळच्या कुलाबा जिल्ह्यातील हा निकाल अत्याचारग्रस्तांच्या बाजूने लागला, पण तो अधिकाऱ्याच्या व्यक्तिगत निःपक्षपातीपणावर अवलंबून होता. दुसरा अधिकारी असता तर काय झाले असते, या प्रश्नाला तेव्हाच्या व्यवस्थेत उत्तर नव्हते. न्यायपालिकेस कार्यपालिकेपासून वेगळे करण्याचे मार्गदर्शक तत्त्व पुढे अनुच्छेद ५० मध्ये आले. १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेने (अंमल १ एप्रिल १९७४) न्यायिक व कार्यकारी दंडाधिकारी देशभर वेगळे केले.

दुसऱ्या सत्याग्रहापूर्वी, १४ डिसेंबर १९२७ रोजी, महाडच्या दिवाणी न्यायालयाने आंबेडकर व त्यांच्या सहकाऱ्यांविरुद्ध तात्पुरता मनाई हुकूम काढला. जमलेल्या हजारो लोकांना तो पाळावयास सांगून आंबेडकरांनी न्यायालयातील लढाई स्वीकारली. मुंबई उच्च न्यायालयाचा अंतिम निकाल १७ मार्च १९३७ रोजी त्यांच्या बाजूने लागला. दिवाणी दाव्यातील प्रतिवादी हा फौजदारी अर्थाने आरोपी नव्हे. तरीही स्वतः जवळजवळ दहा वर्षे न्यायालयाच्या दारात उभ्या राहिलेल्या या प्रतिवादीनेच पुढे अनुच्छेद २२ चा मसुदा संविधान सभेपुढे मांडला, ही बाब नोंदण्याजोगी आहे.

संविधान सभेतील चर्चा

जीवित व व्यक्तिस्वातंत्र्याविषयीच्या मसुद्यातील अनुच्छेद १५ (आजचा २१) मध्ये ‘योग्य कायदेशीर प्रक्रिया’ असे अमेरिकी धर्तीचे शब्द ठेवावेत की ‘कायद्याने प्रस्थापित केलेली कार्यपद्धती’ एवढेच म्हणावे, यावर डिसेंबर १९४८ मध्ये दीर्घ वाद झाला. दुसरा पर्याय स्वीकारला गेला. याचा अर्थ संसदेने किंवा विधिमंडळाने कोणतीही कार्यपद्धती घालून दिली की स्वातंत्र्य हिरावता येईल, असा होतो, अशी टीका झाली.

१५ सप्टेंबर १९४९ रोजी आंबेडकरांनी नवा अनुच्छेद १५-अ मांडला. अनुच्छेद १५ मध्ये जे गमावले त्याची ही भरपाई असल्याचे त्यांनी सभागृहास सांगितले. यातील तरतुदी फौजदारी प्रक्रिया संहितेत आहेतच, मग त्या संविधानात कशाला, या आक्षेपास त्यांचे उत्तर होते की एकदा त्या संविधानात आल्या की कोणत्याही विधिमंडळास त्या रद्द करता येणार नाहीत. हाच अनुच्छेद क्रमांक बदलून २२ झाला. त्याच्या उत्तरार्धात मात्र प्रतिबंधक स्थानबद्धतेसही मान्यता देण्यात आली. एकाच अनुच्छेदाच्या पहिल्या दोन खंडांत संरक्षण आणि पुढील खंडांत त्याचा अपवाद, अशी ही विचित्र रचना तेव्हाही टीकेचा विषय झाली व आजही आहे.

अनुच्छेद २०

या अनुच्छेदात तीन संरक्षणे आहेत. कृत्य घडले तेव्हा जो कायदा अंमलात होता, त्याखालीच दोषी ठरवता येते आणि त्याहून अधिक शिक्षा देता येत नाही. एकाच अपराधाबद्दल दोनदा खटला व शिक्षा होत नाही. आरोपीस स्वतःविरुद्ध साक्षीदार होण्याची सक्ती करता येत नाही.

दुसऱ्या व तिसऱ्या संरक्षणाच्या मर्यादा जुन्या मुंबई राज्यातील खटल्यांतून ठरल्या. मकबूल हुसेन विरुद्ध मुंबई राज्य (१९५३) या प्रकरणात सांताक्रूझ विमानतळावर सोने जप्त झाल्यानंतर परकीय चलनविषयक कायद्याखाली खटला भरण्यात आला. सीमाशुल्क अधिकाऱ्यांची जप्ती ही न्यायालयीन शिक्षा नसल्याने दुसरा खटला वैध ठरला. मुंबई राज्य विरुद्ध काथी कालू ओघड (१९६१) मध्ये अकरा न्यायाधीशांच्या खंडपीठाने बोटांचे ठसे किंवा हस्ताक्षराचे नमुने देणे म्हणजे स्वतःविरुद्ध साक्ष देणे नव्हे, असा निर्णय दिला. याउलट नार्को चाचणी संमतीशिवाय करता येत नाही, हे सेल्वी विरुद्ध कर्नाटक राज्य (२०१०) पासून स्पष्ट आहे. एखाद्या गाजलेल्या गुन्ह्यानंतर ‘आरोपीची नार्को करा’ अशी मागणी मोर्चांतून होते, तेव्हा हा निर्णय क्वचितच कोणाच्या लक्षात असतो.

अनुच्छेद २२ : अटकेनंतरचे चोवीस तास

अटक झालेल्या व्यक्तीस शक्य तितक्या लवकर अटकेची कारणे सांगणे, तिला पसंतीच्या वकिलाचा सल्ला घेऊ देणे आणि चोवीस तासांच्या आत जवळच्या दंडाधिकाऱ्यापुढे हजर करणे बंधनकारक आहे. अटकेच्या ठिकाणापासून न्यायालयापर्यंतच्या प्रवासास लागणारा आवश्यक वेळ या चोवीस तासांत धरला जात नाही. सह्याद्रीच्या कुशीतील पोलादपूरसारख्या तालुक्यात, जेथे पावसाळ्यात घाटरस्ते दरडींमुळे बंद पडतात, हा अपवाद निव्वळ कागदी नाही. तथापि तो प्रवासाच्या वेळापुरताच आहे. पोलीस ठाण्यात बसवून ठेवलेला वेळ, सुटीचा दिवस किंवा कागदपत्रे तयार नसणे यांसाठी तो वापरता येत नाही. ‘चौकशीसाठी बोलावले होते, अटक केलीच नव्हती’ हे स्पष्टीकरण न्यायालये सहजासहजी मान्य करीत नाहीत. माणसास उठून जाण्याची मुभा होती का, हे पाहिले जाते.

१ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, २०२३ मध्ये याच्या तपशिलाच्या तरतुदी आहेत : अटकेची कारणे कळवणे (कलम ४७), नातेवाइकास किंवा मित्रास माहिती देणे (कलम ४८), वैद्यकीय तपासणी (कलम ५३), चोवीस तासांची मर्यादा (कलम ५८) आणि चौकशीदरम्यान वकिलास भेटण्याचा हक्क (कलम ३८). महाड–पोलादपूर भागातील अनेक घरांतील कर्ती माणसे नोकरीनिमित्त मुंबईस असतात. कलम ४८ खालील फोन कोणास व केव्हा गेला, यावर अशा वेळी वकील उभा राहणार की नाही हे अवलंबून असते.

अटकेची कारणे कशी कळवावीत, यावरील कायदा अलीकडे बराच बदलला आहे. पंकज बन्सल (२०२३) व प्रबीर पुरकायस्थ (२०२४) या प्रकरणांत विशेष कायद्यांखालील अटकेची कारणे लेखी देण्याचा आग्रह सर्वोच्च न्यायालयाने धरला. वरळीतील मोटार अपघातातून उद्भवलेल्या महाराष्ट्राच्या एका प्रकरणात ६ नोव्हेंबर २०२५ रोजी हा नियम सर्व गुन्ह्यांना लागू करण्यात आला. कारणे अटक झालेल्या व्यक्तीस समजेल अशा भाषेत लेखी द्यावयाची असून, तत्काळ शक्य नसल्यास दंडाधिकाऱ्यापुढे हजर करण्यापूर्वी किमान दोन तास आधी द्यावयाची आहेत.

महाड न्यायालयातील ऑगस्ट २०२१ ची सुनावणी

२३ ऑगस्ट २०२१ रोजी जन आशीर्वाद यात्रेदरम्यान महाड येथे तत्कालीन केंद्रीय मंत्री नारायण राणे यांनी मुख्यमंत्री उद्धव ठाकरे यांच्याविषयी केलेल्या विधानावरून महाडसह राज्यात अनेक ठिकाणी गुन्हे नोंदले गेले. २४ ऑगस्टला त्यांना रत्नागिरी जिल्ह्यातील संगमेश्वर येथे ताब्यात घेण्यात आले आणि महामार्गाने महाडला आणून त्याच रात्री प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे हजर करण्यात आले. पोलिसांनी कोठडी मागितली. न्यायालयाने अटक समर्थनीय मानली, मात्र कोठडीत ठेवून चौकशी करण्याची आवश्यकता नसल्याचे सांगून १५,००० रुपयांच्या जातमुचलक्यावर जामीन दिला. २०२३ मध्ये अलिबागच्या न्यायालयाने त्यांना या प्रकरणातून दोषमुक्त केले.

राजकीय वादाचा भाग बाजूला ठेवला तर या प्रकरणात दोन स्वतंत्र प्रश्न स्पष्ट दिसतात. अटक कायदेशीर होती का, हा एक. कोठडी आवश्यक आहे का, हा दुसरा. पहिल्याचे उत्तर ‘होय’ असले तरी दुसऱ्याचे आपोआप ‘होय’ होत नाही. अर्नेश कुमार विरुद्ध बिहार राज्य (२०१४) पासून सात वर्षांपर्यंतच्या शिक्षेच्या गुन्ह्यांत अटक हा नियम नसून, पोलिसांनी अटकेची गरज लेखी नोंदवावी किंवा हजर राहण्याची नोटीस द्यावी अशी अपेक्षा आहे. बचाव पक्षाने त्या रात्री नोटीस न दिल्याचा मुद्दा मांडला होता. मंत्र्यांच्या मागे वकिलांची फौज होती. तोच युक्तिवाद एखाद्या शेतमजुराच्या वतीने तितक्याच तत्परतेने मांडला जातो का, हा प्रश्न विधी साहाय्याकडे नेतो.

वकील व मोफत विधी साहाय्य

या विषयावरील पायाभूत निकाल महाराष्ट्रातलाच आहे. एम. एच. होस्कोट विरुद्ध महाराष्ट्र राज्य (१९७८) या प्रकरणात शिक्षा झालेल्या कैद्यास उच्च न्यायालयाच्या निकालाची प्रत वेळेवर न मिळाल्याने सर्वोच्च न्यायालयात जाण्यास चार वर्षांहून अधिक विलंब झाला. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी निकालाची प्रत मोफत मिळणे आणि गरजू कैद्यास सरकारी खर्चाने वकील मिळणे हे अनुच्छेद २१ चे घटक ठरवले. शीला बारसे विरुद्ध महाराष्ट्र राज्य (१९८३) हे प्रकरण एका पत्रकार महिलेने मुंबईतील स्त्री कैद्यांच्या मुलाखतींनंतर लिहिलेल्या पत्रातून उभे राहिले. स्त्रियांसाठी स्वतंत्र कोठड्या, त्यांवर महिला पोलीस आणि अटकेची खबर तत्काळ विधी साहाय्य समितीस देणे, हे आदेश त्यात देण्यात आले. अजमल कसाब याच्या अपिलात (२०१२) सर्वोच्च न्यायालयाने फाशी कायम केली. त्याच निकालात मात्र आरोपीस प्रथम हजर करताच त्याला वकिलाच्या हक्काची जाणीव करून देणे हे दंडाधिकाऱ्याचे कर्तव्य असल्याचे स्पष्ट केले.

विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ नुसार कोठडीतील व्यक्तीस उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. अर्ज तालुका विधी सेवा समितीकडे किंवा अलिबाग येथील जिल्हा प्राधिकरणाकडे करता येतो. न्यायालयात तोंडी सांगितले तरी चालते. निर्घृण गुन्ह्यानंतर ‘आरोपीचे वकीलपत्र घेणार नाही’ असे ठराव वकील संघटना करतात. ए. एस. मोहम्मद रफी विरुद्ध तामिळनाडू राज्य (२०१०) या निकालाने असे ठराव बेकायदेशीर ठरवले आहेत.

कोठडीची मुदत व अपवाद

तपास ठरावीक मुदतीत, म्हणजे गुन्ह्याच्या गांभीर्यानुसार ६० किंवा ९० दिवसांत, पूर्ण न झाल्यास आरोपीस जामिनाचा हक्क प्राप्त होतो. उदय मोहनलाल आचार्य विरुद्ध महाराष्ट्र राज्य (२००१) या प्रकरणात हा हक्क मागताच मिळतो, अर्ज प्रलंबित ठेवून आरोपपत्र दाखल करून तो हिरावता येत नाही, असे ठरले. नव्या संहितेच्या कलम १८७ ने पंधरा दिवसांची पोलीस कोठडी पहिल्या ४० किंवा ६० दिवसांत तुकड्या-तुकड्यांनी घेण्यास वाव दिला आहे. यामुळे जामीन लांबण्याची शक्यता असल्याची टीका होते व ती निराधार म्हणता येत नाही.

प्रतिबंधक स्थानबद्धतेत (महाराष्ट्रात १९८१ चा एमपीडीए कायदा) चोवीस तासांचा नियम लागू होत नाही. मोक्का, १९९९ च्या कलम १८ नुसार पोलीस अधीक्षक वा त्यावरील दर्जाच्या अधिकाऱ्यापुढील कबुलीजबाब ग्राह्य ठरू शकतो. मात्र स्थानबद्ध व्यक्तीही हक्कशून्य होत नाही. मुंबईच्या तुरुंगातून प्रभाकर पांडुरंग संझगिरी यांनी अणुविज्ञानावर मराठीत लिहिलेले पुस्तक प्रकाशनासाठी बाहेर पाठवण्यास सरकारने नकार दिला, तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने (१९६५) तो नकार अवैध ठरवला. आणीबाणीतही अनुच्छेद २० व २१ यांचा अंमल स्थगित करता येत नाही, ही तरतूद १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीने आली.

गावकी आणि बहिष्कार

वरील सर्व संरक्षणे शासनाविरुद्ध आहेत. कोकणात, विशेषतः रायगड जिल्ह्यात, गावकीने एखाद्या कुटुंबास ‘वाळीत टाकणे’ ही समांतर शिक्षापद्धती दीर्घकाळ चालत आली. तेथे आरोप लेखी नसतो, वकील नसतो, अपील नसते. दंड मात्र असतो आणि शिक्षा घरातील मुलांपर्यंत पोहोचते. जिल्ह्यातील अशा प्रकरणांची चर्चा झाल्यानंतर राज्याने सामाजिक बहिष्कारापासून व्यक्तींचे संरक्षण करणारा २०१६ चा अधिनियम केला. तो जुलै २०१७ पासून लागू असून बहिष्कारासाठी तीन वर्षांपर्यंत कारावास किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही शिक्षा त्यात आहेत. या कायद्याखाली पकडल्या गेलेल्या गावकीच्या पंचांनाही अटकेची लेखी कारणे, वकील आणि चोवीस तासांत दंडाधिकाऱ्यापुढे हजेरी हे सर्व हक्क मिळतात.