दोन अधिक दोन पाच झाले, तर...

आमच्या अण्णांना दोन जन्मतारखा होत्या. शाळेच्या दाखल्यावर १ जून आणि आजीच्या सांगण्याप्रमाणे नागपंचमीचा आदला दिवस. त्या पिढीत १ जूनला जन्मलेली माणसं घरोघरी सापडतात. मुलाला शाळेत घालताना जन्मतारीख ठाऊक नसली, की गुरुजी १ जून लिहून मोकळे व्हायचे. अण्णा नोकरीतून निवृत्त झाले ते दाखल्याच्या हिशेबानं; आई त्यांना ओवाळायची मात्र श्रावणात. बँकेत खातं उघडताना त्यांनी जुन्या पंचांगातून शोधून काढलेली श्रावणातलीच तारीख दिली होती.

मी आयुष्यभर कॉलेजात तर्कशास्त्र शिकवलं. एकच विधान एकाच वेळी, एकाच अर्थानं खरं आणि खोटं असू शकत नाही, हा अ‍ॅरिस्टॉटलपासून चालत आलेला नियम मुलांना पहिल्याच आठवड्यात सांगावा लागे. मुलं विचारायची, "सर, असली एखादी विसंगती, तर काय बिघडलं?"

काय बिघडतं ते पाहा. समजा, 'अण्णा जूनमध्ये जन्मले' हे विधान आपण खरंही मानलं आणि खोटंही मानलं. ते खरं आहे, म्हणून 'अण्णा जूनमध्ये जन्मले किंवा चंद्र पुरणपोळीचा आहे' हेही खरं. कारण 'किंवा'च्या वाक्यात एक बाजू खरी असली की पुरतं. पण पहिली बाजू खोटी आहे, असंही आपण मानलंय. मग उरली दुसरी. म्हणजे चंद्र पुरणपोळीचा! एका विसंगतीतून अशा रीतीनं वाटेल ते सिद्ध करता येतं.

बर्ट्रंड रसेल यांच्या नावावर एक किस्सा सांगतात. त्यांना कुणी म्हणालं, "दोन अधिक दोन पाच धरलं, तर तुम्ही पोप आहात हे सिद्ध करून दाखवा." ते उत्तरले, "चार म्हणजे पाच. दोन्हीकडून तीन वजा करा; एक म्हणजे दोन. मी आणि पोप मिळून दोघं. दोन म्हणजे एक. म्हणून मी आणि पोप एकच!"

हेच 'दोन अधिक दोन पाच' एका कादंबरीत येतं, तेव्हा मात्र हसू येत नाही. बिहारमधल्या मोतिहारीत १९०३ साली जन्मलेल्या जॉर्ज ऑर्वेल यांची 'नाइन्टीन एटी-फोर' ही कादंबरी १९४९ साली प्रसिद्ध झाली. तिच्यातलं ओशनिया हे काल्पनिक राज्य विसंगतीवरच उभं आहे. खोटं रचणाऱ्या खात्याचं नाव सत्य मंत्रालय, युद्ध चालवणाऱ्या खात्याचं नाव शांतता मंत्रालय. चॉकलेटचा शिधा तीस ग्रॅमवरून वीसवर आणला जातो आणि दुसऱ्याच दिवशी तो वीसपर्यंत 'वाढवल्या'बद्दल लोक मिरवणुका काढून आभार मानतात. नायक विन्स्टन स्मिथ याची नोकरीच मुळी जुनी वर्तमानपत्रं बदलण्याची. नको असलेला कागद भिंतीतल्या एका भोकात टाकला, की तो जळून जातो.

या राज्याच्या विचारपद्धतीला ऑर्वेल यांनी 'डबलथिंक' म्हटलंय. दोन परस्परविरोधी गोष्टी एकदमच खऱ्या मानायच्या, ही तिची निम्मीच व्याख्या झाली. आपण असं करतो आहोत हेही विसरायचं, ही उरलेली निम्मी. माझ्या मते खरी मेख इथं आहे. तीस ग्रॅमचा कागद आणि वीस ग्रॅमचा कागद शेजारीशेजारी राहिले, तर कुणीतरी प्रश्न विचारील. म्हणून एक कागद जाळावा लागतो. मग सत्तेला हवं ते सिद्ध करायला मोकळं रान मिळतं.

मग विसंगती म्हटली की सर्वनाशच का? विसाव्या शतकात काही तर्कशास्त्रज्ञांनी याचं उत्तर 'नाही' असं दिलं. पोलंडचे यास्कोव्स्की यांनी १९४८ साली चर्चेचा दाखला घेतला. चर्चेत प्रत्येकाचं म्हणणं आपापल्या जागी सुसंगत असतं, पण सगळ्यांचं एकत्र केलं की विसंगत होतं. म्हणून काही आपण त्यातून चंद्राची पुरणपोळी काढत नाही. ब्राझीलचे न्यूटन दा कोस्टा यांनी १९६३ साली विसंगती सामावून घेणाऱ्या तर्कपद्धतींची अख्खी मालिकाच मांडली. विधान सरळ असेल, तिथं नेहमीचे नियम चालू. जिथं विसंगती आहे, तिथं मात्र 'पहिली बाजू खोटी, म्हणून दुसरी खरी' ही उडी बंद. शेतात विहीर असली म्हणून शेत टाकून देत नाहीत; तिला कठडा बांधतात. तसंच हे. १९७७ साली अमेरिकेचे बेलनॅप यांनी संगणकासाठी चार उत्तरं सुचवली: खरं, खोटं, दोन्ही सांगितलं गेलं आहे, काहीच सांगितलेलं नाही. निरनिराळ्या माणसांनी भरलेल्या माहितीत विरोध येणारच. तो लपवण्यापेक्षा नोंदवावा, हा त्यांचा विचार.

हे सगळं मी वर्गात शिकवत होतोच. पण ते समजलं २००६ साली, अण्णा गेल्यावर. आईचं कुटुंब निवृत्तिवेतन अडलं. कागदांवर तारखा दोन. खिडकीतला कारकून तसा भला होता. तो म्हणाला, "आजी, बँकेचं ते जुनं पासबुक नाहीच असं समजा. घरी गेलात की फाडून टाका. विषय संपला." आई म्हणाली, "अहो, पण ह्यांचा जन्म श्रावणातलाच." आणि तिनं पासबुक पिशवीत ठेवून दिलं. चार महिने आम्ही हेलपाटे घातले. शेवटी एका वकिलांनी साधं प्रतिज्ञापत्र करून दिलं. त्यात दोन्ही तारखा होत्या, कुठली कुठून आली ते लिहिलं होतं आणि दोन्ही नोंदी एकाच व्यक्तीच्या आहेत, एवढं म्हटलं होतं.

ते चाललं. सही करण्याआधी आईनं तो कागद माझ्याकडून दोनदा वाचून घेतला. श्रावणातली तारीख आली, तेव्हा तिनं मान हलवली. १ जून आली, तेव्हाही हलवली.

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित अंश)