तारामती आणि सीता : मूकपटांतील नट अण्णा साळुंके

'आद्य' हे विशेषण एकदा एखाद्याच्या नावास चिकटले की त्या व्यक्तीविषयीचे पुढील बोलणे बहुधा खुंटते. बीड जिल्ह्यातील वाचकांस हा अनुभव नवा नाही. 'विवेकसिंधु'कार मुकुंदराज अंबाजोगाईचे की आंभोऱ्याचे, या वादात जेवढी शाई खर्ची पडली, तेवढी त्या ग्रंथाच्या भाषेच्या अभ्यासात पडली नाही. अण्णा हरी साळुंके यांच्या वाट्यासही असेच काही आले आहे. 'भारतीय चित्रपटाची पहिली नायिका एक पुरुष होता' हे वाक्य आपण कौतुकाने उच्चारतो आणि त्या पुरुषास तेथेच सोडून देतो. त्यांची पुढील अठरा वर्षांची वाटचाल त्या एका वाक्यात मावत नाही.

दादासाहेब फाळके यांनी १९११ साली मुंबईत ख्रिस्ताच्या जीवनावरील चित्रपट पाहिला, आणि १९१२ साली दादर येथे 'राजा हरिश्चंद्र'च्या चित्रणास आरंभ केला. हरिश्चंद्राच्या भूमिकेसाठी दत्तात्रय दामोदर दाबके मिळाले. रोहिदासासाठी फाळक्यांचा स्वतःचा मुलगा भालचंद्र होता. अडचण तारामतीची होती. वृत्तपत्रांत जाहिराती देऊनही चालण्याजोगी स्त्री मिळेना. कलावंतिणींच्या वस्तीतही त्यांनी विचारणा केली, पण कॅमेऱ्यापुढे उभे राहणे त्या स्त्रियांनाही कमीपणाचे वाटले. अखेरीस ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहात स्वयंपाक करणारा एक तरुण त्यांच्या दृष्टीस पडला. सडपातळ बांधा आणि नाजूक हात, एवढे भांडवल फाळक्यांना पुरेसे वाटले. तेथे त्यास महिना दहा रुपये मिळत, फाळक्यांनी पंधरा देऊ केले, असे सांगितले जाते. मिशी उतरविण्यास नट तयार होत नसत, ही गोष्टही त्या काळच्या आठवणींत येते. वडील हयात असता मिशी काढणे अशुभ मानले जाई, हे ध्यानात घेतले म्हणजे त्या नकारात केवळ हट्ट नव्हता हे कळते. चित्रपटात काम करतो असे सांगण्याची सोय नसल्याने फाळक्यांच्या माणसांनी 'हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत' नोकरीस आहोत असे सांगावे, अशी युक्ती निघाली होती. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रपटगृहात 'राजा हरिश्चंद्र' प्रदर्शित झाला.

येथे एका शब्दाचा विचार करणे अप्रस्तुत होणार नाही. रंगभूमीच्या व्यवहारात अशा नटास 'स्त्रीपार्टी' म्हणत. 'स्त्री' हा संस्कृत शब्द, 'पार्ट' हा इंग्रजी, आणि त्यांना जोडलेला 'ई' हा मराठीचा नेहमीचा प्रत्यय : एवढ्या लहान शब्दात तीन घरांची माणसे नांदत आहेत. त्यास लिंग मात्र नटाचे मिळते, भूमिकेचे नव्हे. 'तो स्त्रीपार्टी नट' असेच आपण म्हणतो. उलट 'नायिका' हा शब्द योजताच व्याकरणाची अडचण होते. 'साळुंके पहिली नायिका होते' या वाक्यात विधेय स्त्रीलिंगी एकवचनी आणि क्रियापद आदरार्थी पुल्लिंगी. वाक्य चुकीचे नाही, पण कानास खटकते. जुन्या नाटकमंडळ्यांतील माणसे 'त्यांनी तारामती केली' असे म्हणून ही अडचण सहज ओलांडीत. माझ्या मते तीच रचना अधिक प्रामाणिक आहे, कारण तीत 'करणे' या क्रियेस, म्हणजे नटाच्या श्रमास, जागा आहे.

रंगभूमीवरील स्त्रीपार्टी नटास कीर्ती मिळे. १९१३ सालीच गंधर्व नाटक मंडळी स्थापन झाली आणि बालगंधर्वांचे नाव घरोघर पोहोचले. मग साळुंक्यांना तसे स्थान का मिळू नये? कारण उघड आहे. बालगंधर्वांचे स्त्रीत्व मुख्यतः गळ्यात होते. मूकपटाने नटाचा गळाच काढून घेतला. शिवाय रंगमंचावरील अंतर आणि मंद प्रकाश जो भ्रम टिकवीत, तो कॅमेऱ्यापुढे टिकणे कठीण होते. सीतेच्या वेषातील साळुंक्यांचे पिळदार दंड पडद्यावर लपत नसत, हे अनेकांनी नमूद केले आहे. प्रेक्षकांनी त्याबद्दल तक्रार केली नाही, ही गोष्ट मला अधिक महत्त्वाची वाटते.

अमेरिकेतही आरंभीची स्थिती फारशी निराळी नव्हती. हजार फुटी एका रिळाच्या चित्रपटांतून काम करणाऱ्यांची नावे कंपन्या छापीत नसत. फ्लॉरेन्स लॉरेन्स ही नटी कित्येक दिवस 'बायोग्राफ गर्ल' या कंपनीच्या नावानेच ओळखली जात होती. १९१० साली कार्ल लेमली याने तिला आपल्याकडे ओढले, तेव्हा तिचे स्वतःचे नाव गाजविले गेले. आपल्याकडे नाव झाकले जाण्याचे कारण वेगळे होते. येथे कंपनीने नव्हे, तर देवतेने नटास झाकले. १९१७ सालच्या 'लंकादहन'मध्ये पडद्यावर राम दिसताच लोक पायातील जोडे काढीत, अशी आठवण सांगतात. तो राम साळुंके होते आणि सीताही साळुंकेच. भारतीय चित्रपटातील दुहेरी भूमिकेचे हे पहिले उदाहरण मानले जाते. हनुमान गणपत शिंदे यांनी केला. कथेच्या या भागात राम समुद्राच्या अलीकडे व सीता अशोकवनात असल्यामुळे फाळक्यांची सोयही झाली असावी.

एक विसंगती मात्र ध्यानात ठेवण्याजोगी आहे. 'मोहिनी भस्मासुर' या फाळक्यांच्या दुसऱ्याच कथापटात दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची कन्या, पुढे कमलाबाई गोखले म्हणून प्रसिद्ध झालेली, मोहिनी झाली. म्हणजे स्त्रिया पडद्यावर आल्यानंतरही सीतेसाठी फाळक्यांनी साळुंक्यांनाच बोलाविले. तेव्हा 'स्त्री मिळाली नाही म्हणून पुरुष' हे स्पष्टीकरण १९१३ पुरते खरे आहे, १९१७ पुरते नाही. चार वर्षांत साळुंके हे कामचलाऊ माणूस राहिले नव्हते. ते फाळक्यांचे भरवशाचे नट झाले होते.

पुढे ते कॅमेऱ्यामागे गेले. मूकपटांचे छायालेखन करणारे म्हणून त्यांचे नाव १९३१ पर्यंत आढळते. नट म्हणून केलेल्या मोजक्या भूमिकांच्या मानाने हे काम कितीतरी मोठे आहे, पण त्याची आठवण कोणी काढीत नाही. त्यांचे आडनाव कोठे 'साळुंके', कोठे 'साळुंखे' असे छापले जाते. सूची करणाऱ्यांनी ही दोन रूपे एकाच नोंदीखाली आणली पाहिजेत, नाहीतर नट एक आणि छायालेखक दुसरा असा भ्रम व्हावयाचा. 'राजा हरिश्चंद्र'ची आज पुण्याच्या संग्रहालयात असलेली पहिली व शेवटची रिळे मूळ चित्रपटाची नसून १९१७ च्या पुनर्निर्मितीची असावीत, असे काही अभ्यासकांचे मत आहे. त्यांतील तारामतीचा अभिनय १९१३ चा म्हणून तपासणाऱ्या विद्यार्थ्याने हे मत आधी पाहावे.

'मूकपट' हा शब्दही बोलपट आल्यानंतरच अर्थपूर्ण झाला. त्याआधी सर्वच चित्रपट मुके होते. १९३१ साली 'आलम आरा' आला आणि १९३२ साली प्रभात कंपनीने 'अयोध्येचा राजा' काढला. कथा तीच, हरिश्चंद्राची. या वेळी तारामती झाल्या दुर्गा खोटे, महाविद्यालयात शिकलेल्या, प्रतिष्ठित घराण्यातील. आणि या तारामतीला आवाज होता.