पाणी मारू नका

दोर तुटतो तेव्हा बंदुकीच्या बारासारखा आवाज होतो, असं सगळे सांगतात. मला आठवतो तो त्याआधीचा आवाज. ताणलेला दोर रोलरवर कुरकुरत होता. मी तेव्हा सेकंड ऑफिसर होतो. जहाज धक्क्याला लागत होतं आणि मागचा डेक, म्हणजे पूप, माझ्याकडे होता. मागचा स्प्रिंग दोर तुटला, त्याचं टोक उलटून आमच्या एका एबीच्या, म्हणजे अनुभवी खलाशाच्या, पायावर बसलं. गुडघ्याच्या वरचं हाड मोडून बाहेर आलं. स्ट्रेचर, ऑक्सिजन, क्रेनने उतरवणं, ॲम्ब्युलन्स, आणि मध्येच उरलेले दोर बांधून जहाज स्थिर करणं, हे सगळं कसं पार पडलं ते मला आजही सलग सांगता येत नाही.

पाऊण तासाने खलाशांचे मुकादम, बोसन, होज घेऊन आले. दाभोळकडचे, उभा जन्म समुद्रावर काढलेले. म्हणाले, "साहेब, पाणी मारून घेतो. रक्त सुकलं की निघत नाय." मी हो म्हणणारच होतो. काम संपलं की डेक धुवायचा, ही खलाशाच्या अंगात मुरलेली चांगली सवय. तेवढ्यात चीफ ऑफिसर आले आणि त्यांनी होज बंद करायला लावला.

"पोरगा हॉस्पिटलात गेला. आता त्याच्यासाठी आपण एवढंच करू शकतो," ते म्हणाले. "इथली एक वस्तूही हलवायची नाही."

आधी त्यांनी कॅडेटला धक्क्यावर पिटाळलं. दोराचा दुसरा तुकडा किनाऱ्यावरच्या बोलार्डला अडकून पाण्यात लोंबत होता. धक्क्यावरची माणसं तो कापून फेकून देतात. त्यांच्या लेखी तो कचरा. मग फोटो. पहिला फोटो त्यांनी पूपवर काढलाच नाही. ब्रिजवर जाऊन जीपीएसवरच्या वेळेचा काढला. जहाजाचं घड्याळ स्थानिक वेळेवर, जीपीएस यूटीसीवर, इंजिनरूमचा अलार्म प्रिंटर आपल्याच वेळेवर आणि फोन कुठल्या तरी चौथ्याच. त्या एका फोटोमुळे पुढच्या सगळ्या फोटोंची वेळ पक्की झाली. नंतर विंचच्या चौथऱ्यावर चढून अख्ख्या डेकचे, मग जरा जवळून, मग शेजारी पट्टी ठेवून अगदी जवळून.

त्या जवळच्या फोटोंपैकी एक माझ्या डोळ्यांसमोरून हलत नाही. दोराला दिशा देणारा उभा रोलर. चीफनी टॉर्च तिरपा धरला तेव्हा दिसलं: त्याच्या एकाच बाजूला बोटभर रुंदीचा चकचकीत पट्टा होता आणि त्यावर दोराचे वितळलेले तंतू मेणासारखे थिजले होते. बाकीच्या अंगावर गंज आणि रंगाचे जुने थर. फिरणारा रोलर सगळीकडून सारखा झिजतो. हा फिरतच नव्हता. दोर त्यावर घासून तापला होता. तुटलेल्या टोकांवरही काही पदरांचे शेंडे वितळून घट्ट झालेले होते, आणि पदर उकलले तर आत पिठासारखी भुकटी. होजचं पाणी जोरात मारलं असतं तर ते तंतू गेले असते, आणि उरला असता फक्त एक गंजका रोलर, जहाजावरच्या इतर रोलरांसारखा.

दोन्ही टोकं वाळवून वेगवेगळ्या पिशव्यांत बांधली. वर चिठ्ठी: काय, कुठून, किती वाजता, कोणी उचललं. दोराचं सर्टिफिकेट तीन फायली उपसल्यावर सापडलं. बांधणीच्या दोरांची तपासणी आणि देखभाल यांची नोंद ठेवणं सोलास या सागरी सुरक्षेच्या आंतरराष्ट्रीय कराराने १ जानेवारी २०२४ पासून बंधनकारक केलं. आमच्या अपघाताच्या वेळी ते ज्याच्या त्याच्या शिस्तीवर होतं. देखभालीच्या यादीत रोलरला ग्रीस घातल्याची सही होती. ते पान कोणी बदलू नये म्हणून चीफनी लगेच त्याची प्रत काढून कप्तानांकडे दिली.

कप्तानांनी तोवर व्हीडीआरचं, म्हणजे जहाजाच्या ब्लॅक बॉक्सचं, सेव्हचं बटण दाबलं होतं. जुन्या संचांत निदान बारा तासांची नोंद राहते, मग जुन्यावर नवं चढत जातं. जहाज धक्क्याला लागलं म्हणून ते थांबत नाही. १ जुलै २०१४ पासून बसवलेल्या संचांच्या कॅप्सूलमध्ये ४८ तास राहतात, आतल्या साठ्यात तीस दिवस. पूपवरून मी वॉकीटॉकीवर जे बोललो ते ब्रिजच्या मायक्रोफोनने टिपलं होतं.

या आवाजाची किंमत मला 'एल फारो'ने शिकवली. १ ऑक्टोबर २०१५ रोजी बहामाजवळ वादळात ते जहाज बुडालं, ३३ माणसं गेली, एकही वाचलं नाही. पुढल्या ऑगस्टमध्ये सुमारे पंधरा हजार फूट खोलीवरून त्याचा व्हीडीआर वर काढला. त्यात ब्रिजवरचं २६ तासांचं बोलणं होतं. त्या माणसांच्या बाजूने बोलायला दुसरं कोणी उरलंच नव्हतं.

संध्याकाळी चहा झाल्यावर जबान्या. एकेकाला वेगळं बसवून, ज्याच्या त्याच्या भाषेत. कॅडेटने लिहिलं, 'एबीचं लक्ष नव्हतं.' चीफनी खोडायला सांगितलं नाही. एवढंच विचारलं, "हे तू पाहिलंस?" दोर तुटला तेव्हा तो विंचकडे बघत होता. त्याने ते वाक्य स्वतःच एका रेघेने कापलं, बाजूला सही केली. लॉगबुकातही हाच नियम: खाली काय होतं ते वाचता आलं पाहिजे. आणि पेन्सिलीने खरडलेली कच्ची वही, पक्की लिहून झाल्यावरही, फेकायची नाही.

मग माझी पाळी. कागद तासभर कोरा राहिला. आंतरराष्ट्रीय संहितेप्रमाणे अपघाताची सागरी चौकशी कारणं शोधण्यासाठी असते, दोष वाटण्यासाठी नाही, हे मला पाठ होतं. पण पोलीस वेगळे, कंपनी वेगळी. वकिलाशी बोलायचा हक्क आहे, हे चीफनी मला दोनदा सांगितलं. मी नको म्हणालो. एबी जिथे कोसळला तिथे डेकवर खडूने खूण केलेली होती. ती जागा दोराच्या उलटण्याच्या टप्प्यात होती, आणि त्याला तिथे मी उभा केला होता. नुकसानभरपाईच्या वेळी सगळ्यात आधी हेच विचारतात: माणूस आपल्या चुकीने तिथे गेला का? मी लिहिलं: तो माझ्या आदेशावरून त्या जागी होता.

तिसऱ्या दिवशी हॉस्पिटलातून त्याचा फोन आला. आवाज खोल गेलेला. "साहेब, मी चुकीच्या जागी उभा होतो का हो?"

"नाही रे. मी सांगितलं तिथेच होतास. तसं लिहून दिलंय."

तो बराच वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, "माझा एक बूट तिथंच राहिला वाटतं."

बूट चीफच्या कपाटात होता. सीलबंद पिशवीत, माझ्या सहीच्या चिठ्ठीसकट.