आशियाई क्रीडासामने, पहिले : भारतीय संघाची कामगिरी

पहिले आशियाई क्रीडासामने ४ ते ११ मार्च १९५१ या काळात नवी दिल्ली येथे झाले. यजमान भारताने त्यांत १५ सुवर्ण, १६ रौप्य व २० कांस्य अशी एकूण ५१ पदके मिळवून जपानच्या खालोखाल दुसरे स्थान पटकाविले. गुणानुक्रमात भारताला पुढील कोणत्याही आशियाई सामन्यांत हे स्थान पुन्हा मिळालेले नाही. सुवर्णपदकांची त्या वेळची संख्या गाठण्यासही भारतीय संघाला सदुसष्ट वर्षे लागली. त्यामुळे दिल्लीतील यशाचा उल्लेख नेहमी गौरवाने होतो; तथापि ते यश कोणत्या परिस्थितीत मिळाले हे पाहिल्याशिवाय त्याचे योग्य मूल्यमापन होऊ शकत नाही.

या सामन्यांची कल्पना आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीचे भारतीय सदस्य गुरुदत्त सोंधी यांची. त्यांच्याच पुढाकाराने १९३४ मध्ये दिल्ली व पतियाळा येथे पश्चिम आशियाई क्रीडासामने भरले होते. त्यांत भारताखेरीज अफगाणिस्तान, सिलोन व पॅलेस्टाइन एवढेच देश सहभागी झाले आणि हा उपक्रम पुढे खंडित झाला. स्वातंत्र्यानंतर सोंधी यांनी तो व्यापक स्वरूपात पुन्हा हाती घेतला. १९४८ च्या लंडन ऑलिंपिकच्या वेळी आशियाई प्रतिनिधींची प्राथमिक चर्चा झाली आणि फेब्रुवारी १९४९ मध्ये दिल्ली येथे आशियाई क्रीडासामने महासंघ स्थापन झाला. पतियाळाचे महाराज यादवेंद्रसिंग हे त्याचे अध्यक्ष होते. पहिले सामने १९५० मध्ये घेण्याचे ठरले होते. परंतु पैसा व साधनसामग्री यांच्या अडचणींमुळे ते वर्षभर लांबणीवर पडले. पुढे क्रिकेट-प्रशासक अँथनी डी मेलो यांनी संयोजनाची सूत्रे हाती घेतली. इंडिया गेटजवळच्या आयर्विन ॲम्फिथिएटरचे ‘नॅशनल स्टेडियम’मध्ये रूपांतर करण्यात आले आणि राष्ट्रपती राजेंद्रप्रसाद यांच्या हस्ते सामन्यांचे उद्‌घाटन झाले.

अकरा देशांचे ४८९ खेळाडू या सामन्यांत उतरले. स्पर्धा ५७ व क्रीडाप्रकार मोजकेच होते : मैदानी स्पर्धा, जलक्रीडा, फुटबॉल, बास्केटबॉल, सायकल शर्यती आणि भारोत्तोलन. हॉकी व कुस्ती हे भारताच्या हक्काचे समजले जाणारे खेळ त्यांत नव्हते, ही गोष्ट आज काहीशी चमत्कारिक वाटते. कुस्तीचा समावेश १९५४ मध्ये, तर हॉकीचा १९५८ मध्ये झाला. जपान त्या वेळी दोस्त राष्ट्रांच्या सैन्याच्या ताब्यात होता व लंडन ऑलिंपिकपासून त्याला दूर ठेवण्यात आले होते. दिल्लीत मात्र त्याचे स्वागत झाले. पाकिस्तान व चीन यांचे संघ नव्हते, तर कोरियात युद्ध चालू होते.

भारताच्या १५ सुवर्णपदकांपैकी १० मैदानी स्पर्धांत मिळाली. मुंबईचा धावपटू लेव्ही पिंटो याने १०० मी. आणि २०० मी. या दोन्ही शर्यती अनुक्रमे १०·८ व २२·० सेकंदांत जिंकल्या आणि चार गुणिले १०० मी. सांघिक शर्यतीत रौप्यपदकात वाटा उचलला. पुढच्याच वर्षी हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये तो या दोन्ही अंतरांच्या उपांत्य फेरीपर्यंत पोहोचला. यावरून त्याचे यश केवळ घरच्या मैदानाचे नव्हते, हे स्पष्ट होते. ८०० मी. शर्यतीत रणजितसिंग, १,५०० मी. शर्यतीत निक्कासिंग, मॅरेथॉनमध्ये छोटासिंग, चालण्याच्या १० किमी. शर्यतीत महावीरप्रसाद व ५० किमी. शर्यतीत बख्तावरसिंग हे विजयी ठरले. गोळाफेकीत मदनलाल व थाळीफेकीत माखनसिंग यांनी सुवर्णपदके मिळविली (हा माखनसिंग म्हणजे १९६० नंतर मिल्खासिंगशी बरोबरी करणारा धावपटू माखनसिंग नव्हे). चार गुणिले ४०० मी. सांघिक शर्यतही भारताने जिंकली. या यादीवर पंजाबची छाप सहज जाणवते. त्या प्रांतातील ग्रामीण खेळांची परंपरा, पतियाळा संस्थानाने दिलेला आश्रय आणि सैन्यदलातील नियमित सराव यांमुळे दमाच्या व ताकदीच्या स्पर्धांना तेथून चांगले खेळाडू मिळत.

महिलांच्या मैदानी स्पर्धांवर जपानी स्त्रियांचे वर्चस्व होते. त्यांच्यातील तोयोको योशिनो हिने फेकीच्या तिन्ही प्रकारांत सुवर्णपदक मिळविले. भारतीय महिलांना सुवर्णपदक लाभले नाही. परंतु मुंबईच्या रोशन मिस्त्रीने १०० मी. शर्यतीत दुसरा क्रमांक मिळविला, वांद्र्याच्या मेरी डिसूझाने २०० मी. शर्यतीत कांस्यपदक पटकाविले आणि चार गुणिले १०० मी. सांघिक शर्यतीत भारतीय चमू दुसरा आला. स्त्रियांसाठी सरावाची फारशी सोय नसलेल्या काळातील ही पदके मोलाची आहेत. मेरी डिसूझा पुढे हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये धावली. १९५४ च्या मानिला येथील सामन्यांत तिचा समावेश असलेल्या चमूने हीच सांघिक शर्यत जिंकली.

जलक्रीडेत भारताला चार सुवर्णपदके मिळाली. सचिन नाग याने १०० मी. फ्रीस्टाइल शर्यत १ मि. ४·७ सेकंदांत जिंकली; आशियाई सामन्यांतील भारताचे हे पहिले सुवर्णपदक होय. बनारसला जन्मलेला व कलकत्त्यात कीर्ती मिळविलेला हा जलतरणपटू १९४७ च्या दंग्यांत पायाला गोळी लागून जखमी झाला होता. तशाही स्थितीतून सावरून त्याने १९४८ च्या ऑलिंपिकमध्ये भाग घेतला होता. पाण्यात सूर मारण्याच्या लवचिक फळीवरील व उंच मंचावरील अशा दोन्ही स्पर्धा के. पी. ठक्कर याने जिंकल्या. वॉटर पोलोचे सुवर्णपदकही भारताकडे आले. मात्र त्या स्पर्धेत सिंगापूर हा एकच प्रतिस्पर्धी होता.

फुटबॉलमधील विजय सर्वाधिक लोकप्रिय ठरला. सय्यद अब्दुल रहीम यांच्या मार्गदर्शनाखाली व शैलेन मन्ना यांच्या नेतृत्वाखाली भारतीय संघाने इंडोनेशिया व अफगाणिस्तान यांना प्रत्येकी ३–० असे हरविले आणि अंतिम सामन्यात साहू मेवालाल याच्या एकमेव गोलावर इराणवर मात केली. संघातील काही खेळाडू त्या वेळीही बुटांशिवाय खेळत. आशियात ते खपून गेले. परंतु पुढील वर्षी हेलसिंकी येथे यूगोस्लाव्हियाकडून १–१० असा दारुण पराभव झाल्यावर बूट वापरणे अनिवार्य करण्यात आले. बास्केटबॉलमध्ये फिलिपीन्स अजिंक्य ठरले, भारोत्तोलनात इराणी मल्लांनी आघाडी घेतली आणि सायकल शर्यतींतही भारताच्या वाट्याला सुवर्णपदक आले नाही.

पदकांची संख्या आणि खेळाचा दर्जा या वेगळ्या गोष्टी होत. १०० मी. धावण्याचा तत्कालीन जागतिक उच्चांक १०·२ सेकंद होता. त्याच्याशी पिंटोची वेळ पडताळून पाहता अंतर फार नव्हते. याउलट १०० मी. फ्रीस्टाइलचा उच्चांक ५५·४ सेकंद होता, म्हणजे नागची वेळ त्याहून नऊ सेकंदांनी अधिक होती. रणजितसिंगने ८०० मी. शर्यत सुमारे दोन मिनिटांत जिंकली. जर्मनीच्या रूडॉल्फ हार्बिगने १९३९ मध्येच ती १ मि. ४६·६ सेकंदांत धावून दाखविली होती. त्यातच त्या काळी जगातील श्रेष्ठ जलतरणपटूंत गणले जाणारे जपानी जलतरणपटू दिल्लीच्या तलावात उतरले नव्हते. खेळाडूंचे कर्तृत्व यामुळे कमी होत नाही. समोर आलेल्या प्रतिस्पर्ध्यांना त्यांनी हरविले. परंतु दुसऱ्या क्रमांकावरून संयोजकांनी व वृत्तपत्रांनी भारताच्या क्रीडासामर्थ्याचा जो अंदाज बांधला, तो टिकणारा नव्हता.

हे अवघ्या तीन वर्षांत दिसून आले. मे १९५४ मध्ये मानिला येथे जपान, दक्षिण कोरिया, पाकिस्तान व यजमान फिलिपीन्स हे सर्व पूर्ण तयारीनिशी उतरले. भारताला ५ सुवर्ण, ४ रौप्य व ८ कांस्य एवढ्याच पदकांवर समाधान मानावे लागले आणि तो पाचव्या स्थानी घसरला. पाचही सुवर्णपदके मैदानी स्पर्धांतील होती. जलक्रीडेत एकही मिळाले नाही आणि फुटबॉलमध्ये गतविजेता संघ गटातच बाद झाला. रहीम यांच्याच मार्गदर्शनाखाली भारताने फुटबॉलचे सुवर्णपदक जाकार्ता येथे १९६२ मध्ये दक्षिण कोरियाला २–१ असे हरवून पुन्हा मिळविले.

दिल्लीतच १९८२ मध्ये भरलेल्या नवव्या सामन्यांत भारताला १३, तर २०१० मध्ये ग्वांगजो येथे १४ सुवर्णपदके मिळाली. १९५१ च्या संख्येशी बरोबरी २०१८ च्या जाकार्ता–पालेंबांग सामन्यांत झाली आणि २०२३ मध्ये हांगजो येथे २८ सुवर्णपदकांसह एकूण पदकांनी शंभरी ओलांडली. मात्र स्थान चौथे होते, कारण १९५१ मध्ये अनुपस्थित असलेले चीन व दक्षिण कोरिया हे देश आता जपानसह पुढे होते. जलतरणात मात्र हांगजोपर्यंत भारताला दुसरे सुवर्णपदक मिळालेले नव्हते. खजानसिंगचे १९८६ मधील रौप्य आणि कोल्हापूरच्या वीरधवल खाडेचे २०१० मधील कांस्य ही त्या क्षेत्रातील तुरळक पदके होत. सचिन नाग यांचे १९८७ मध्ये निधन झाले. केंद्र शासनाचा ध्यानचंद पुरस्कार त्यांना २०२० मध्ये मरणोत्तर देण्यात आला.